दहा ते पाच आजारी

नव्या अशिलाला वेलकर वकील पहिला प्रश्न विचारायचे तो कर्जाबद्दल नसे. किती घेतलं, किती फेडलं, हप्ते का थकले, यातलं काही नाही. अशील नीट टेकायच्या आत ते विचारत, "घरात म्हातारं कोण आहे?"

हे मी ऐकीव सांगत नाही. त्यांचं निम्मं ऑफिस कर्जवसुली न्यायाधिकरणाच्या व्हरांड्यातल्या एका बाकावर चाले आणि त्याच बाकाच्या दुसऱ्या टोकाला मी बसलेली असे. मी बँकेची प्राधिकृत अधिकारी. म्हणजे घर तारण ठेवून कर्ज घेतलेल्याने हप्ते थांबवले, की त्याला साठ दिवसांची नोटीस पाठवणारी, मग त्याच्या दाराला ताब्याचा कागद चिकटवणारी आणि शेवटी पोलीस घेऊन कुलूप लावायला जाणारी बाई. दाराला कागद लागला की कर्जदाराला न्यायाधिकरणात धाव घेता येते. गिरगाव ते शीव या पट्ट्यात जो धाव घेई, तो बहुधा वेलकरांकडे जाई. अकरा वर्षं आम्ही समोरासमोर उभे राहिलो.

माणूस उंच, किडकिडीत. काळा कोट खांद्यावर हिरवट झालेला, गळ्यातली पांढरी पट्टी चहाच्या रंगाची. जातीचे पाठारे प्रभू. खोताच्या वाडीच्या तोंडाशी दोन खोल्या, पुढच्या खोलीत टेबल आणि मागच्या खोलीत संसार, म्हणजे ते एकटेच. डब्यात कोलंबीचं भानोलं असे. बाकावर पंचा पसरून खायचे आणि डबा माझ्यापुढे करायचे. "घ्या मॅडम. विरुद्ध पक्षाला विष घालायची पद्धत आमच्या लोकांत नाही. आम्ही उपाशी ठेवतो."

रोज दोन वर्तमानपत्रं घेत, एक मराठी, एक इंग्रजी. दोन्हींतल्या फक्त जाहीर सूचना वाचत, हातात लाल पेन्सिल घेऊन. बाकीचे कागद बाकावर तसेच टाकून जात. निवडणूक असो, क्रिकेट असो, त्यांना पत्ता नसे. एकदा मी विचारलं तर म्हणाले, "जग बुडणार असेल तर जाहीर सूचना येईलच. तीस दिवस आधी."

कर्जदाराने पैसे बुडवले का, या प्रश्नात त्यांना रस नव्हता. तो प्रश्न गावंढळ आहे असं ते म्हणत. त्यांना बघायचं असे फक्त बँकेचं पाऊल. नोटीस कुठल्या तारखेला निघाली, कुणाच्या सहीने, कुठे चिकटवली, किती दिवस दिले. त्यात एक टाका सुटलेला दिसला की पुरे. अशिलाला मात्र ते खोटी आशा देत नसत, हे मान्य करायला हवं. पहिल्याच बैठकीत सांगून टाकत, "घर जाणार. कधी, ते मी ठरवणार." आणि मग त्यांचं ठरलेलं वाक्य, "तारीख म्हणजे छप्पर. तारीख आहे तोवर घर आहे."

माझी पहिली नोटीस त्यांनी पाडली ती परळच्या एका इमारतीतली. मी ती बाहेरच्या सरकत्या जाळीला चिकटवली होती. वेलकरांनी दोन फोटो सादर केले. एकात जाळी बंद, नोटीस स्पष्ट. दुसऱ्यात जाळी उघडी, म्हणजे भिंतीच्या खाचेत गेलेली, नोटीससकट. "घरात माणसं असली की नोटीस भिंतीच्या आत," ते म्हणाले. "घराला कुलूप असलं की नोटीस बाहेर. म्हणजे बँकेने नोटीस दिली कुणाला? कुलपाला?" माझे सात महिने गेले. बाहेर आल्यावर त्यांनी मला आल्याची वडी दिली आणि म्हणाले, "पुढच्या वेळी लाकडी दाराला चिकटवा. आणि फोटोत शेजाऱ्याचं दार, पाटीसकट, आलं पाहिजे." मी त्यानंतर आजतागायत शेजाऱ्याचं दार चुकवलेलं नाही.

शीवच्या एका प्रकरणात आमच्या जाहीर सूचनेत रस्ता फ्लॅटच्या पूर्वेला छापला गेला. तो पश्चिमेला होता. वेलकर होकायंत्र घेऊन स्वतः गेले, गेटसमोर उभे राहिले, वॉचमनची सही घेतली. अकरा महिने मिळाले. त्या अकरा महिन्यांत त्या घरातल्या मुलीचं लग्न झालं. वेलकरांना आमंत्रण होतं. पंगतीत शेजारी बसलेले गृहस्थ नवऱ्या मुलाचे वडील आहेत असं कळल्यावर ते जिलबी मोडत म्हणाले, "सूनबाईंना माहेर फेब्रुवारीपर्यंत आहे. पुढचं मी बघतो." ही गोष्ट त्यांनीच मला सांगितली. ती सांगताना त्यांना हसू येत नव्हतं. माहिती दिली, इतकंच त्यांना वाटत होतं.

आता परबांचं प्रकरण. त्याशिवाय वेलकर पुरे होत नाहीत, आणि मीही.

संतोष परब लालबागचा. चाळ पाडून उभ्या राहिलेल्या टॉवरमध्ये नवव्या मजल्यावर चाळकऱ्यांना मिळालेला लहान फ्लॅट. तो तारण ठेवून त्याने कॉटन ग्रीनच्या एका गोदामात मसाल्याचं युनिट टाकलं. दीड वर्षात गोदामाच्या मालकाने त्याला बाहेर काढलं, यंत्रं भंगारात गेली, हप्ते थांबले. आम्ही आमच्या पायऱ्या चढलो. तो वेलकरांकडे गेला. वेलकरांनी विचारलं, "घरात म्हातारं कोण आहे?"

आई होती. द्वारकाबाई. पंचाहत्तरीची, पण मनगटं खलबत्त्यासारखी. आयुष्यभर लोकांच्या मिरच्या भाजून, कुटून दिलेली बाई. नवव्या मजल्यावरून जिन्याने उतरायची, कारण लिफ्टमध्ये तिला कोंडल्यासारखं व्हायचं.

दंडाधिकाऱ्यांनी प्रत्यक्ष ताब्याचा आदेश दिला आणि कोर्टाच्या वतीने ताबा घेऊन बँकेला द्यायला कोर्ट कमिशनर म्हणून एका तरुण वकील मुलीला नेमलं. ठरल्या तारखेला आम्ही गेलो. मी, कमिशनर, दोन हवालदार. दार उघडंच होतं. बाहेरच्या खोलीत लोखंडी खाटेवर द्वारकाबाई गळ्यापर्यंत चादर ओढून पडल्या होत्या. उशाशी औषधाच्या बाटल्या. संतोष भिंतीला टेकून खाली बघत उभा. वेलकर खुर्चीत, मांडीवर डॉक्टरचं प्रमाणपत्र. अंथरुणाला खिळलेल्या माणसाला उचलून रस्त्यावर ठेवायला कुठलाही कमिशनर धजत नाही. वेलकर त्याच आधारावर जगत होते.

म्हातारीला मात्र हे सोंग जमत नव्हतं. चादर तिने स्वतःच ढकलली आणि मला म्हणाली, "बाय, माका काय्येक झाला नाय. आणि ह्या घर माझ्या झिलाचा नाय. माझो घोव गेलो, तेवा चाळीतली खोली माझ्या नावार झाली. ह्या घरय माझ्या नावार आसा. कागद बघ—"

"आजी," वेलकर म्हणाले, "बोलू नका. तुम्ही आजारी आहात."

"मी खंय आजारी?"

"आई, गप ना गो," संतोष म्हणाला. तिने चादर परत गळ्यापर्यंत ओढली. कमिशनरने अहवालात लिहिलं, वृद्ध महिला अंथरुणाला खिळलेली, भ्रमिष्ट बडबड.

मी ऑफिसात परत आले आणि फाइल काढली. वेलकरांना ती बडबड वाटली असेल. मला नाही. कर्ज दिलं तेव्हा फ्लॅटचं वाटपपत्र एकट्या संतोषच्या नावावर होतं. बिल्डरचा नोंदणीकृत करार नंतर आला, त्याने तो आणून दिला आणि आमच्या शाखेने न वाचता तारणाच्या पाकिटात टाकला. करारात दोन नावं होती. पहिलं श्रीमती द्वारकाबाई परब, दुसरं संतोष. तारणाच्या कागदांवर द्वारकाबाईंचा अंगठा सोडा, नावसुद्धा नव्हतं. जिचं घर, तिने ते आमच्याकडे कधी गहाण टाकलंच नव्हतं. तिने एक साधा अर्ज केला असता तर तिच्या हिश्शाला आम्ही हात लावू शकलो नसतो, आणि अर्ध्या हिश्शाचा फ्लॅट लिलावात कुणी घेत नाही.

मी काही लपवलं नाही. करार आमच्या प्रतिज्ञापत्राला आधीच जोडलेला होता, पान सेहेचाळीस. प्रत वेलकरांना पोचल्याची त्यांची सही होती. त्यांना वाचून दाखवणं माझ्या कामात बसत नव्हतं. फक्त त्या दिवसापासून मला घाई झाली.

मी दंडाधिकाऱ्यांपुढे सांगितलं की बाई धडधाकट आहे, सोंग आहे. आदेश मिळवला, की कमिशनरने पूर्वसूचना न देता कधीही जाऊन पाहावं. कामकाजाच्या दिवशी, कामकाजाच्या वेळेत.

वेलकरांनी आदेश वाचला आणि त्याच संध्याकाळी लालबागला गेले. पुढचं मला संतोषने नंतर सांगितलं. वेलकरांनी म्हातारीला वेळापत्रक दिलं. सोमवार ते शुक्रवार, सकाळी दहा ते संध्याकाळी पाच, खाटेवर. पाचनंतर उठायचं. शनिवार-रविवार मोकळीक. सरकारी सुट्ट्यांची यादी त्यांनी कॅलेंडरवर लाल पेन्सिलीने खुणा करून दिली. म्हातारीने विचारलं, "दिवाळीक?"

"दिवाळीला बरं वाटेल तुम्हाला," वेलकर म्हणाले.

आणि एवढं सांगून ते गेले नाहीत. पिशवीतून त्यांनी रबरी चादर आणि पावडरचा डबा काढला. संतोषला कूस कशी बदलायची ते दाखवलं. "दर दोन तासांनी. माकडहाडाखाली हात घालून बघायचा, लाल दिसलं तर पावडर. माझ्या आईचं मी नऊ वर्षं केलं. एक जखम होऊ दिली नाही." नऊ वर्षं आईची कूस बदलणारा हा माणूस दुसऱ्याच्या चालत्या आईला खाटेवर घालत होता, आणि दोन्ही कामं सारख्याच निगुतीने करत होता.

चार महिन्यांनी आम्ही न सांगता गेलो. दुपारची चार वीसची वेळ. म्हातारी खाटेवरच. या वेळी चादर तिने ढकलली नाही. मनगटं पातळ झाली होती. कमिशनर आतल्या खोलीत संतोषशी बोलत असताना म्हातारीने मला बोटाने जवळ बोलावलं.

"बाय गे, पाच वाजले काय?"

मी घड्याळ बघितलं. "अजून नाही."

"वाजले की सांग हां."

मी खाली उतरल्यावर हे कमिशनरला सांगितलं. सोंग असल्याचा याहून चांगला पुरावा नाही, म्हटलं. ती म्हणाली, "मॅडम, मी वकील आहे, डॉक्टर नाही. झोपलेली दिसली, झोपलेली लिहिणार." आणखी एक तारीख गेली. व्हरांड्यात वेलकरांनी आल्याची वडी पुढे केली. मी घेतली.

"आमचं प्रतिज्ञापत्र वाचलंत का हो नीट?" मी विचारलं. का विचारलं, कोण जाणे. कदाचित मला बघायचं होतं.

"नोटिसा वाचल्या. तारखा वाचल्या. बाकीच्या गठ्ठ्यात काय असतं मॅडम? कर्जाची रडगाणी."

मग मीही त्यांचीच रीत उचलली. माणूस बरा आहे हे सिद्ध करायच्या भानगडीत पडलेच नाही. दंडाधिकाऱ्यांना सांगितलं, बाई आजारी आहे हे बँकेला मान्य आहे. इतकी आजारी, की तिला घरी ठेवणं धोक्याचं. बँक स्वखर्चाने रुग्णवाहिका आणि डॉक्टर आणेल, रुग्णालयात खाटेची व्यवस्था करेल, मगच ताबा घेईल. वेलकर दोन्हीकडून अडकले. ती बरी आहे असं म्हणावं तर प्रमाणपत्रं खोटी, आजारी आहे म्हणावं तर रुग्णवाहिका तयार. ते माझ्याकडे वळून हळूच म्हणाले, "उत्तम. शिकलात."

ताब्याच्या दिवशी सकाळी साडेअकराला आम्ही नवव्या मजल्यावर पोचलो. डॉक्टरने द्वारकाबाईंना बसायला सांगितलं. त्या बसल्या नाहीत. डॉक्टरने पाय दाबले, गुडघे वाकवून पाहिले आणि माझ्याकडे बघून म्हणाला, "ही खरंच उठू शकत नाही. किती महिने निजून आहे?"

उत्तर संतोषने दिलं. आधी फक्त दहा ते पाच. मग संध्याकाळी उठायला लागली की चक्कर यायची. मग रविवारी उठायची फक्त. मग दिवाळीत उठवून बसवलं तर रडली.

"आता पाच वाजले तरी माका उठाक गावना नाय," म्हातारी म्हणाली. तक्रार म्हणून नाही. हवालदाराला सांगितल्यासारखं सांगितलं.

लिफ्टमध्ये स्ट्रेचर मावेना. तिला खुर्चीत बसवून, चादरीने बांधून नेलं. लिफ्टचं दार बंद होताना तिने डोळे मिटून घेतले. पंचनाम्यात मी लिहून घेतलं: लोखंडी खाट एक, रबरी चादर एक, पावडरचा डबा एक, अर्धा भरलेला. लाकडी दाराला सील लावलं. फोटोत शेजाऱ्याचं दार घेतलं, पाटीसकट.

वेलकर खाली गेटपाशी उभे होते. रुग्णवाहिका गेल्यावर त्यांनी घड्याळ बघितलं आणि वहीत वेळ टिपून घेतली. ताबा किती वाजता घेतला, हेही कधी चुकू शकतं.

तीन आठवड्यांनी द्वारकाबाई वॉर्डातच गेल्या. वेलकर काळी टोपी घालून न्यायाधिकरणात आले, अशिलाला सुतक असल्याचं सांगितलं आणि तेरा दिवस मागून घेतले. पीठासीन अधिकाऱ्यांनी ते दिले. त्या तेरा दिवसांनी कुणाचं काही बदलणार नव्हतं. घराला सील होतं, संतोष बदलापूरला मेहुण्याकडे राहायला गेला होता. पण तारीख मिळत असताना सोडणं वेलकरांना जमत नव्हतं.

लिलाव झाला. फ्लॅट विकला गेला. अखेरच्या सुनावणीला वेलकरांकडे एकच मुद्दा उरला होता, विक्रीच्या सूचनेला पूर्ण तीस दिवस दिले की एकोणतीस. ते व्हरांड्यात बाकावर बसून आमच्या कागदांचा गठ्ठा उलटत होते. वर्तमानपत्राचं कात्रण शोधत होते. ते सेहेचाळिसाव्या पानावर थांबले.

मी बघत होते. लाल पेन्सिल वरून खाली आली आणि पहिल्या नावाखाली थांबली. त्यांनी पान उलटलं, परत मागे आणलं. मग तारणाचे कागद काढले, सह्या बघितल्या. एकच सही. पेन्सिलीचं टोक तिथे बराच वेळ राहिलं.

"मॅडम," ते म्हणाले, "हे तुम्हाला केव्हापासून माहीत होतं?"

"पहिल्या दिवसापासून. त्या म्हणाल्या ना, कागद बघ म्हणून."

"मला म्हणाली?"

"तुमच्या समोर म्हणाल्या. तुम्ही त्यांना बोलू दिलं नाहीत."

त्यांनी पेन्सिल कोटाच्या खिशात ठेवली. "आता तिचा एकुलता वारस संतोष. आणि गहाणावर सही त्याचीच."

"हो. मुद्दा त्यांच्याबरोबर गेला."

"म्हणजे तिला निजवायची गरज नव्हती."

"नव्हती. चालवत न्यायाधिकरणात आणायची होती."

मला वाटलं, ते चिडतील. मला काहीतरी बोलतील. बोलले असते तर उत्तर तयार होतं, पान सेहेचाळीस, पोचल्याची सही. त्यांनी गठ्ठा मिटला, सुतळी बांधली, गाठ दोनदा ओढून पाहिली. आत पुकारा झाला. तीस दिवस पूर्ण भरत होते. अर्ज फेटाळला गेला. चार मिनिटं लागली.

माझी ती व्हरांड्यातली शेवटची तारीख. परबांची वसुली पूर्ण झाली म्हणून मला बढती मिळाली होती, पुढच्या महिन्यापासून मुख्य कार्यालयात. निरोप घ्यावा म्हणून मी वळले, तर वेलकर बाकाशी पोचले होते. तिथे एक जोडपं त्यांची वाट बघत बसलं होतं. दादरचं असावं. बाईच्या हातात आमच्यासारख्याच कुठल्यातरी बँकेचं साठ दिवसांचं पाकीट.

मी जिन्याशी थांबले. आज तरी पहिला प्रश्न बदलेल, घर कुणाच्या नावावर आहे हे तरी विचारतील, असं मला वाटलं.

"घरात म्हातारं कोण आहे?" वेलकरांनी विचारलं.

"सासरे आहेत," बाई म्हणाली.

"कसे आहेत?"

"एकदम ठणठणीत. अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, पण रोज सकाळी मैदानाला दोन फेऱ्या मारतात."

वेलकरांनी कोटाच्या खिशातून लाल पेन्सिल काढली आणि वहीचं नवं पान उघडलं.

"उद्यापासून बंद करा," ते म्हणाले.